नानांचा होकार

नाना रेग्यांना "नाही" म्हणता येत नसे. भिडस्त वगैरे नव्हते हो, तो त्यांचा धर्मच होता! एकदा उल्हासनगरला शिंप्याकडे स्वतःची पँट न्यायला गेले. शिंपी चहाला गेलेला. तेवढ्यात आलेल्या एका सिंधी शेटजींनी यांनाच मास्टर समजून "साईं, नाप लो" म्हणत हात पसरले. नानांनी गळ्यात टेप अडकवून रीतसर माप घेतलं, वर "शेटजी, पेट थोडा कम करो" असा सल्लाही दिला.

नाना अंबरनाथला कारखान्यात फिटर. रविवारी सकाळी शाळेच्या व्हरांड्यात आम्हाला आयत्या वेळचं नाटक शिकवायचे. संहिता नाही, पाठांतर नाही. प्रेक्षकांनी विषय द्यायचा, आपण उभं राहायचं. नियम एकच, समोरचा म्हणेल ते मान्य करायचं आणि पुढं न्यायचं. तो म्हणाला तू म्हैस, की तू म्हैस! कुणी अडलं की नाना ओरडायचे, "बरं, पुढं?" गणपतीत आमच्या प्रयोगाला अख्खी कॉलनी पोट धरून हसायची.

ऐंशीचं दशक सरत आलं होतं. मला नुकतीच नोकरी लागली होती, आणि बदलापूरचं एक स्थळ मला बघायला आलं. मुलाची आई म्हणाली, "आमच्यात पंधरा माणसं. स्वयंपाक जमेल?" माझ्या तोंडून निघालं, "पन्नास बोलवा की!" "नोकरी सोडावी लागेल." "उद्याच सोडते." मंडळी खूश, बाबा खूश. पाहुणे गेले आणि मला दरदरून घाम फुटला. अगं बाई, हे नाटक नव्हतं!

रविवारी वर्गात मी ढसाढसा रडले. नानांनी सगळं ऐकून घेतलं, "चल" म्हणाले आणि तडक माझ्या घरी आले.

"ही सोयरीक नको," ते बाबांना म्हणाले. "पोरगी मनापासून बोलली नाही. माझ्या शिकवणीनं बोलली. चूक माझी."

बाबा भडकले. "शब्द दिलाय आम्ही! तुम्ही कोण आमच्या घरात बोलणार?"

"कुणी नाही," नाना म्हणाले. "माझ्या सुमननंही असाच होकार दिला होता. तिचा चेहरा मला दिसत होता. पण पत्रिका वाटून झाल्या होत्या, म्हणून मी गप्प बसलो. आठ वर्षं झाली, ती माहेरी येत नाही."

नानांना मुलगी आहे हे आम्हाला कुणालाच ठाऊक नव्हतं. आई पदरानं डोळे पुसायला लागली. बाबांनी चपला घातल्या आणि दिलेला शब्द परत घ्यायला बदलापूरला निघाले.

नाना आमच्या पायरीवरच बसले होते. मी पाणी नेऊन दिलं. त्यांनी तांब्या घेतला, पण प्यायले नाहीत. माझ्याकडे बघत म्हणाले, "तुझ्याएवढीच होती गं."