डॉब्लिनचा डबा

डबा हरवल्याचं कळलं तो मार्गशीर्षातला तिसरा गुरुवार होता. एकनाथराव सकाळी चहा झाल्या झाल्या चादरींच्या कपाटासमोर जाऊन उभे राहिले. कपाटात चादरी होत्या, अभ्रे होते, भारतातून येणाऱ्या पाहुण्यांसाठी राखलेले जाड टॉवेल होते. डबा नव्हता. त्यांनी सगळे टॉवेल खाली काढले, झटकले, पुन्हा घड्या घालून ठेवले. डबा काही टॉवेलमध्ये घडी घालून बसत नाही, हे त्यांना माहीत होतं. तरी झटकले.

"अहिल्या! इथला बिस्किटांचा डबा कुठे गेला?"

सून किचनमध्ये लॅपटॉप उघडून मीटिंगमध्ये बसली होती. तिने म्यूट केलं. "कुठला हो बाबा?"

"गोल. पत्र्याचा. वर नाताळच्या सिनेमातल्या त्या गाढवाचं चित्र. सोनेरी रिबन बांधलेली."

"डॉब्लिन? तो होय! तो मी नैनामावशींना दिला ना, पहिल्या गुरुवारी. थँक्सगिव्हिंगमुळे सगळी दुकानं बंद, आणि त्यांच्याकडे पूजेला रिकाम्या हाताने कशी जाणार? कपाट उघडलं तर रिबनसकट तयारच होता." तिने सासऱ्यांच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि मीटिंग बंदच केली. "बाबा, त्यात बिस्किटंच होती ना?"

"पक होता," एकनाथराव म्हणाले. "तुझ्या सासूचा."

पक म्हणजे आइस हॉकीतली काळ्या रबराची जाड चकती. खेळाडू काठीने ती बर्फावरून हाणतात. चँडलरसारख्या वाळवंटातल्या गावात, जिथे अंगणात निवडुंग आणि जूनमध्ये एकशे पंधरा डिग्री फॅरनहाइट, तिथे बर्फावरचा खेळ बघायला जायचं हे एकनाथरावांना पहिल्या दिवसापासून पटलं नव्हतं. नऊ वर्षांपूर्वी मुलाला, विक्रमला, कंपनीतून फुकट तिकिटं मिळाली म्हणून ते शैलाबाईंना घेऊन गेले. खेळ सुरू व्हायच्या आधी, सरावातच, एक पक काचेवरून उडाला आणि थेट शैलाबाईंच्या मांडीवरच्या शालीत येऊन पडला. मारणारा नवीन होता. हेल्मर नावाचा स्वीडिश पोरगा, तेवीस वर्षांचा. त्याने हात वर करून माफी मागितली.

"अगं, असा पक मिळाला की ठेवून घ्यायचा असतो. लोक जपतात," एकनाथरावांनी सांगून पाहिलं.

"दुसऱ्याची वस्तू आहे. आज गर्दी आहे म्हणून राहू दे. हा संघ सोडून जाईल तेव्हा त्याची त्याला देऊ."

हेल्मर गेलाच नाही. संघ धाकट्या लीगचा; मोठ्या लीगने त्याला तीनदा बोलावलं आणि तीनदा परत पाठवलं. तिथे सगळे मिळून अकरा सामने. नऊ वर्षांत त्याने चौदा गोल केले. शैलाबाईंना त्याचं काही नव्हतं. "त्याचं काम गोल करायचं नाहीये हो, होऊ द्यायचा नाही, हे आहे," असं त्या शेजारच्या अमेरिकन माणसालासुद्धा ऐकवत. दोन सीट्स वर्षाच्या वर्षाला घेतल्या गेल्या. एकनाथराव दर शनिवारी स्वेटर घालून कुरकुरत जात राहिले.

यंदा मार्चमध्ये हॉस्पिटलातून घरी आल्यावर शैलाबाईंनी पक खणाच्या तुकड्यात गुंडाळला, नातीने, रीमाने, रिकामा केलेला बिस्किटांचा डबा धुऊन पुसून त्यात कापूस घालून ठेवला, वर रिबन बांधली. "माझं काही खरं नाही. तुम्ही द्या. त्याच्या हातात द्या, ऑफिसात नको." एप्रिलमध्ये त्या गेल्या. आणि आता हेल्मरचा गुडघा संपला होता. ख्रिसमसला तो स्वीडनला जाणार, परत येणार नव्हता. शेवटचा सामना शनिवारी. आज गुरुवार.

"मी फोन करते मावशींना," अहिल्या म्हणाली. तिचा आवाज रडवेला झाला होता.

"फोन नको. मी जातो. फोनवर माणसं 'बघते हं' म्हणतात आणि बघत नाहीत."

नैनामावशी दारातच भेटल्या. हातात कलशाचे तांदूळ. एकनाथरावांचं ऐकून त्यांनी कपाळाला हात लावला.

"भावोजी, तो डबा मी उघडला असता तर शपथ! अहो, मार्गशीर्ष चालू, आणि त्या बिस्किटांत अंडं असतं. घरात ठेवायचीसुद्धा पंचाईत. मी तो गराजमध्ये ठेवला."

"मग आहे गराजमध्ये?"

"छे! दुसऱ्या दिवशी रवींद्र आला होता कुकर परत करायला. नागपूरचा, त्याला काय, सगळं चालतं. दिला त्याला."

"हलवूनसुद्धा नाही बघितलात?"

"परक्याने दिलेला डबा कोण हलवून बघतं, भावोजी? बरं दिसतं का ते?"

एकनाथरावांनी तीस वर्षं एका कारखान्यात दुसऱ्याच्या कामातल्या चुका शोधायची नोकरी केली होती. प्रत्येक पेटी उघडायची, बघायची, सही करायची. न उघडता पुढे सरकवलेली एक पेटी सापडली असती तर त्यांनी आख्खी लाइन थांबवली असती.

रवींद्र संध्याकाळी भेटला. जिममधून येत होता. "काका! या ना, बसा. डॉब्लिनवाला डबा? हो हो, माझ्याकडेच आला होता. पण काय झालं, माझी शुगर बॉर्डरवर आली आहे ना. डॉक्टर म्हणाला, बिस्किट घरात दिसलं नाही पाहिजे. मग आमच्या पोरीच्या टीचरला दिला सोमवारी. विंटर ब्रेकच्या आधी सगळेच देतात न."

"उघडून पाहिलास?"

"उघडून देऊ टीचरला? काका, यार, सील तोडलेलं गिफ्ट कसं द्यायचं?"

"सील नव्हतं रे त्याला. रिबन होती. माझ्या बायकोने बांधलेली."

रवींद्रने खांद्यावरची जिमची बॅग खाली ठेवली. मग म्हणाला, "काकूंनी बांधलेली? म्हणूनच एवढी पक्की. मी एक टोक ओढलं होतं, खोटं नाही सांगत. सुटली नाही."

घरी आल्यावर त्यांनी सोफ्यावर बसकण मारली. टीव्हीवर डॉब्लिनचाच सिनेमा चालू होता. नाताळ जवळ आला की रोज कुठल्या ना कुठल्या चॅनेलवर तो लागायचा. बर्फात एक करडं गाढव पाठीवर पोतं घेऊन दारोदार हिंडत होतं आणि प्रत्येक घरी चुकीची भेट टाकत होतं.

"हे एवढं फिरतंय, पण पोत्यात काय आहे ते बघत का नाही?" एकनाथराव सात वर्षांच्या नातीवर जवळजवळ ओरडले.

"डॉब्लिन नेव्हर ओपन्स द बॅग, आजोबा," रीमा शांतपणे म्हणाली. "दॅट्स द रूल."

"कुणी केला हा रूल?"

"एव्हरीबडी नोज इट."

शुक्रवारी शाळेत ओळखपत्र दाखवलं, छातीवर नावाचं स्टिकर चिकटवलं, आणि ऑफिसातल्या बाईंसमोर वीस मिनिटं बसले. बाई अतिशय प्रेमळ होत्या आणि काहीही पटकन सांगत नव्हत्या. शेवटी कळलं ते असं: टीचरच्या वर्गात एका मुलाला शेंगदाण्याची अ‍ॅलर्जी होती. घरून आलेलं काही वर्गात ठेवायचं नाही. म्हणून टीचरने डबा खाली ऑफिसात आणून दिला. वर डॉब्लिन होता, म्हणजे खेळणंच असणार, असं समजून ऑफिसने तो गरीब मुलांसाठी खेळणी जमा करायच्या खोक्यात टाकला. ते खोकं सकाळीच ट्रकमधून गेलं.

"कुठे गेलं?"

बाई हसल्या. दर डिसेंबरला हॉकीचा संघच ही खेळणी गोळा करतो. उद्या सामना आहे. सगळी खोकी तिथे, स्टेडियमवर.

एकनाथराव गाडीत येऊन बसले. डब्याला जिथे न्यायचं होतं तिथे डबा त्यांच्या आधी पोचला होता. चार घरं हिंडून, कुणी न उघडता. त्यांनी स्टिअरिंगवर हात आपटला तेव्हा हॉर्न वाजला आणि मुलांना रस्ता ओलांडून देणाऱ्या बाईने त्यांच्याकडे रागाने पाहिलं.

शनिवारी रीमा बरोबर आली. "यू नीड समवन हू नोज डॉब्लिन," ती म्हणाली, आणि ते खरंच निघालं. स्टेडियमच्या मागच्या हॉलमध्ये खेळण्यांचा डोंगर होता आणि त्यातलं अर्धं सामान डॉब्लिन होतं. डॉब्लिनच्या बाहुल्या, डॉब्लिनची दप्तरं, डॉब्लिनच्या चपला, दाबला की रेकणारा डॉब्लिन. एकनाथराव गुडघ्यांवर बसून एकेक खोकं उपसायला लागले. ते जिथे हात घालतील तिथे एक गाढव रेकायचं.

देखरेख करणारी बाई धावत आली. काय शोधताय, म्हणाली. एकनाथरावांनी आपल्या इंग्रजीत सांगितलं. आवाज चढला होता, तो खाली आणायचं भान त्यांना राहिलं नव्हतं.

"बिस्किटांचा? ओह, खायचे पदार्थ आम्हाला खेळण्यांत चालत नाहीत," बाई म्हणाली. "ते सगळे मी वेगळे काढले. आज हेल्मरचा निरोप आहे ना? त्याच्या टेबलावर नेऊन ठेवले. वाया कशाला घालवायचे?"

सामना त्यांनी पाहिला नाही. हेल्मरचा संघ दोन-एकने हरला, हे मागून कळलं. सामन्यानंतर निरोपाची रांग लागली आणि एकनाथराव तिच्यात साठावे उभे राहिले. पुढे लांब टेबल होतं. टेबलाच्या टोकाला, केक आणि पॉपकॉर्नच्या पिंपांमध्ये, सोनेरी रिबनीचा गोल डबा त्यांना स्पष्ट दिसत होता.

"आजोबा, लुक," रीमा कुजबुजली. "ही इज गिव्हिंग इट अवे."

खरंच. हेल्मर जो येईल त्याच्याशी हात मिळवत होता, टोपीवर सही करत होता, आणि निघताना टेबलावरचं काहीतरी त्याच्या हातात कोंबत होता. हसत सांगत होता, मला गव्हाचं काही चालत नाही, आणि बॅगाही भरल्यात, तुम्हीच न्या. केक गेला. पॉपकॉर्न गेलं. चॉकलेटची पेटी एका टक्कल असलेल्या माणसाने नेली. रांग एक पाऊल सरकली की एकनाथराव डबा मोजत. आहे. अजून आहे. त्यांनी पुढच्या बाईच्या खांद्यावरून तिच्यापुढच्या माणसाला विचारलं, मला पुढे जाऊ देता का? तो म्हणाला, मी नऊ वर्षं त्याचे सामने बघतोय. एकनाथराव म्हणाले, आम्हीही. दोघांपैकी कुणीच हललं नाही.

त्या माणसाला फळांची परडी मिळाली. आता त्यांच्या पुढे ती एकच बाई उरली होती, आणि टेबलावर एकच डबा. हेल्मरने तो उचलला आणि तिच्या हातात दिला.

एकनाथरावांच्या तोंडून "अहो!" एवढंच निघालं, तेही मराठीत.

बाईने डबा उलटा केला. खालचा बारीक मजकूर वाचला. मग खेदाने मान हलवली. "अंडं आहे यात," ती म्हणाली. "मी व्हीगन आहे." आणि डबा परत ठेवला.

मार्गशीर्ष पाळणारी माणसं अमेरिकेतल्या अमेरिकनांतसुद्धा मिळतात, हे एकनाथरावांना त्या दिवशी कळलं.

हेल्मरने हात पुढे केला. जवळून तो थकलेला दिसत होता, दाढीत दोन-चार पांढरे केस. हात मिळवून झाल्यावर त्याने सवयीने डबा उचलला आणि एकनाथरावांच्या हातात दिला. "हा तुम्ही न्या. नातीसाठी. फक्त बिस्किटं आहेत."

"उघडून बघितलंत?" एकनाथरावांनी विचारलं.

"नाही."

"कुणीच नाही बघितलं," एकनाथराव म्हणाले. तीन दिवसांत हा प्रश्न त्यांनी इतक्यांदा विचारला होता की आता त्यात राग उरला नव्हता. त्यांनी रिबन सोडायला घेतली. सुटेना. शेवटी रीमाने दातांनी गाठ सैल केली. कापूस, खण, आणि त्यात पक. तो त्यांनी हेल्मरच्या हातात दिला आणि जमेल तसं सांगितलं: पहिला सामना, सराव, काच, शाल. माझ्या बायकोचं म्हणणं होतं, तुमचा आहे, तुम्हाला परत द्यायचा.

हेल्मरने पक दोन्ही बाजूंनी उलटून पाहिला. खोटं बोलावं की नाही याचा तो विचार करत होता, हे एकनाथरावांना दिसलं.

"मला आठवत नाही," तो म्हणाला. "पहिल्या वर्षी मी खूप पक काचेवरून उडवले. कोच ओरडायचे. बाकीच्यांनी ते ठेवून घेतले असणार."

"हो. मी पण तेच सांगत होतो तिला."

"त्या आल्या नाहीत आज?"

"एप्रिलमध्ये गेली."

हेल्मरने पक खणात होता तसा गुंडाळला आणि बॅगेत नाही, जॅकेटच्या आतल्या खिशात ठेवला. मग पाठीमागचा गार्ड म्हणाला, पुढचे या, आणि एकनाथराव रिकामा डबा घेऊन बाजूला झाले.

बाहेर तिकिटांच्या खिडकीवरच्या मुलीने त्यांना नावाने हाक मारली. तिने त्यांचं कार्ड काढूनच ठेवलं होतं. पुढच्या वर्षाच्या सीट्स आत्ताच ठरवल्या तर जागा तीच राहील, तिने फॉर्म पुढे सरकवला. नाव, पत्ता, सगळं छापलेलं आहे, फक्त सीट्स किती ते लिहा आणि सही करा. मुदत एकतीस डिसेंबर.

"आता कोणासाठी बघणार? तो तर चालला," एकनाथराव म्हणाले. मग फॉर्म घडी करून शर्टाच्या खिशात ठेवला.

आज तेवीस तारीख. सही झाली आहे. सीट्स किती, तेवढं लिहायचं राहिलं आहे.