विमान जाऊ दे

राजधानीत विमानतळाला लागून असलेल्या आमच्या द्वारकेच्या सोसायटीत सोनटक्क्यांकडे चहाला गेलात, तर कप ओठांपाशी नेऊन थांबायची तयारी ठेवा. दर चार मिनिटांनी डोक्यावरून विमान जातं आणि सोनटक्के हात वर करून म्हणतात, "विमान जाऊ दे." मग आपण पुतळे. चहा गार.

कारण त्या घरात कायम शूटिंग. सरकारी नोकरी वेळेआधी सोडून हा गृहस्थ सहा वर्षं सिनेमा काढतोय, तोही एकच. लेखक तेच, दिग्दर्शक तेच, कॅमेरा तेच आणि हीरोही तेच. कॅमेरा सुरू करायचा, धावत समोर येऊन टाळी वाजवायची, खुर्चीत बसून म्हातारा व्हायचं, परत धावत जाऊन बघायचं. वर स्वतःवरच डाफरायचं, "यार, हा ॲक्टर ऐकतच नाही." मला शेजाऱ्याचं काम दिलं आणि बावीस वेळा दार उघडायला लावलं. मी सेक्शन ऑफिसर आहे हो, ऑफिसात माझ्यासाठी दुसरे दार उघडतात!

वहिनी बिचाऱ्या हातात झारा धरून विमानं जाऊ देत राहिल्या. एकदा त्या नादात पुऱ्या जळल्या आणि त्या नाशिकला मुलीकडे गेल्या, त्या गेल्याच. सोनटक्के विचारणाऱ्याला सांगतात, हवापालट. दीड वर्षाचा!

परवा फेस्टिव्हलला सिनेमा पाठवायचा शेवटचा दिवस होता, मुदत पाचची. सोनटक्क्यांच्या सकाळपासून येरझारा. मला हेडफोन लावून बसवलं. रिकाम्या खोलीची शांतता म्हणे मिनिटभर रेकॉर्ड करून ठेवतात आणि सगळ्या संवादांखाली अंथरतात. यांच्या शांततेत मात्र काहीतरी किणकिणत होतं. करोल बागच्या स्टुडिओवाल्यानेही काढून टाका म्हटलं होतं, पण हे ऐकेनात. साडेचार झाले तशी माझी सटकली. एवढ्यापायी सहा वर्षं पाण्यात घालणार का, म्हणत मीच माउसकडे हात नेला.

त्यांनी माझं मनगट धरलं.

"ही रेकॉर्ड केली तेव्हा ती स्वयंपाकघरात होती. हलू नको म्हटलं, तरी बांगड्या वाजल्या. केवढा ओरडलो होतो मी." मग हळूच म्हणाले, "ती गेल्यावर नवीन रेकॉर्ड केली ना. बिल्कुल क्लीन आहे. ऐकवत नाही."

मी हात मागे घेतला. सिनेमा किणकिणीसकट गेला. मी म्हटलं, आता वहिनींना फोन करा. त्यांनी लावला आणि नेमकी वर घरघर सुरू झाली. पलीकडे वहिनी हॅलो हॅलो करत होत्या. सोनटक्क्यांचा हात सवयीने वर गेला, अर्ध्यावर थांबला आणि खाली आला.

"ऐक ना," ते त्या घरघरीतच बोलायला लागले.