सनदेतला इसम

"आपण इथले पहिले!" घरात पाऊल टाकताच साहेबांनी जाहीर केलं आणि चपला काढायच्या आधीच पिशवीतली झेरॉक्स बायकोपुढे धरली.

साहेब म्हणजे नगरपालिकेच्या अतिक्रमण विभागातले निवृत्त निरीक्षक. एकतीस वर्षं त्यांनी टपऱ्या हटवल्या, पुढे आलेली दुकानं मागे ढकलली. निवृत्तीनंतर पाडायला काही उरलं नाही, तेव्हा ते घराण्याचा इतिहास उभारायला लागले. शहराला दीडशे वर्षं पूर्ण होत होती आणि नगरपालिका चौकात पहिल्या रहिवाशाच्या नावाचा दगड बसवणार होती. तो मान आपल्या खापरपणजोबांचाच, असं साहेबांनी मनाशी पक्कं केलं होतं. महिनाभर अभिलेख कार्यालयात धूळ खाल्ल्यावर त्यांना एक सनद सापडली. म्हणजे सरकारने जमीन बहाल केल्याचा जुना कागद.

बायको गणिताची निवृत्त शिक्षिका. नुसतं उत्तर सांगणाऱ्यांवर तिचा कधीच विश्वास नव्हता.

"पूर्ण वाचलीत?"

"आपलं आडनाव वाचलं."

"आणि बाकीचं?"

"बाकीचं अक्षर फार किचकट आहे गं, ते वाचायला कार्यालयात दिलंय. पण सनदेत आडनाव आपलं, म्हणजे जमीन आपली. यात वाचायचं काय राहिलं?"

त्याच संध्याकाळी त्यांनी नगराध्यक्षांना फोन केला. त्या मानासाठी चार घराणी नगराध्यक्षांच्या दारात भांडत होती, त्यामुळे ते वैतागलेलेच होते. "कागद आहे ना? मग विषय संपला!" म्हणत त्यांनी दगड कोरायला सांगून टाकला. स्थानिक वर्तमानपत्रात दूरवर नजर लावून बसलेल्या साहेबांचा फोटो आला. मुलीने वंशवृक्षाचा भलामोठा फलक छापायला टाकला. धाकटी बहीण सासरच्या नऊ माणसांना घेऊन यायला निघाली. साहेबांनी स्वतः टेप लावून दगडाची जागा आखली, रस्त्यापासून दोन फूट आत. उगाच अतिक्रमण नको.

समारंभाला चार दिवस राहिले आणि अभिलेख कार्यालयातून फोन आला. जुनी अक्षरं वाचणाऱ्या बाई बोलत होत्या. "तुमच्या सनदेचं वाचन झालंय. येऊन जा. आणि शक्यतो एकटेच या."

साहेब गेले. बाईंनी चष्मा पुसला. दोनदा पुसला.

"सनद वैद्यांच्या नावे आहे. तुमच्या समोरचे औषध दुकानवाले आहेत ना, त्यांच्या पूर्वजांच्या."

"आणि आमचं आडनाव?"

"ते खाली आहे. वाचते. 'सदर जमीन मोकळी आहे. मात्र ओढ्याकाठी या आडनावाचा एक इसम तीन वर्षांपासून विनापरवाना झोपडी घालून राहिला आहे. त्यास दोन वेळा उठवले असता तो पुन्हा येऊन बसला. सबब सनद घेणाऱ्याने त्यास स्वतःच्या जबाबदारीवर हटवावे.'"

साहेबांनी कागद स्वतःकडे ओढला. हा मजकूर त्यांच्या ओळखीचा होता. एकतीस वर्षं त्यांनी हाच लिहिला होता, फक्त नावं बदलून.

"आणखी काही?"

"त्या इसमाचा एक अर्ज आहे. बायको बाळंत व्हायची आहे, शेळी आजारी आहे, आणि झोपडी इतकी लहान आहे की ती असून नसल्यासारखीच आहे."

"शेरा काय?"

"फेटाळला."

"बरोबरच आहे!" साहेबांच्या तोंडून सवयीने निघून गेलं. मग त्यांचा आवाज उतरला. "पण… गेले कुठे असतील हो ते?"

"कुठेच नाही. पुढच्या मोजणीत झोपडी आहे तिथेच आहे. नाहीतर तुम्ही कुठून आला असतात?"

घरी बायको डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. "अहो, शेळीसुद्धा!" मग डोळे पुसत म्हणाली, "दगडाचं काय करणार?"

"गप्प बसलो तर कुणाला कळणार आहे?"

"मला कळलंय," बायको म्हणाली. तो सूर ऐकून वर्गातला सर्वांत दांडगट मुलगाही वही काढायचा.

साहेब रस्ता ओलांडून औषधांच्या दुकानात गेले. सहा वर्षांपूर्वी त्यांनी या दुकानाच्या तीनपैकी दोन पायऱ्या तोडल्या होत्या. तेव्हापासून दोघांत अबोला. त्यांनी वाचनाचा कागद काउंटरवर ठेवला. दुकानदाराने तो दोनदा वाचला.

"म्हणजे तुमच्या पूर्वजांना हटवायचं काम आमच्या पूर्वजांना दिलं होतं?"

"हो."

"आणि त्यांनी ते केलंच नाही?"

"नाही केलं."

दुकानदाराने दाराशी उरलेल्या एकुलत्या पायरीकडे पाहिलं. "चांगली माणसं होती हो," तो म्हणाला.

समारंभात साहेबांनी सगळा मजकूर शेळीसकट वाचून दाखवला. "एकतीस वर्षं मी ज्यांना उठवलं, त्यांचा मूळपुरुष माझ्याच घरात निघाला," ते म्हणाले. चौक हसून लोटपोट झाला. बहिणीच्या सासरचे नऊजण वंशवृक्षाच्या फलकामागे जाऊन उभे राहिले. कोरलेल्या नावाखाली दोन बोटं जागा उरली होती, तिथे साहेबांनी हट्टाने 'विनापरवाना' हा शब्द कोरून घेतला; आणि पाठीमागे सनदवाल्या वैद्यांचं नाव.

दुसऱ्या दिवशी सकाळीच फुटपाथवर पिशव्या शिवणारी एक बाई अतिक्रमणाची नोटीस घेऊन दारात उभी. "साहेब, मलापण अर्ज लिहून द्या. शेळी नाहीये, पण सासू आजारी आहे."

तिच्या मागोमाग किल्ल्या बनवणारा आला, मग घड्याळवाला. घरात उभं राहायला जागा उरेना. शेवटी बायकोने घडीचं टेबल काढून दिलं आणि साहेबांनी ते नगरपालिकेच्या फाटकाजवळ, झाडाच्या सावलीत मांडलं. समोर रोज रांग लागायला लागली.

दहाव्या दिवशी नवे निरीक्षक आले. साहेबांच्याच हाताखाली तयार झालेले. त्यांनी खाली मान घालून एक कागद पुढे केला.

"साहेब, रागावू नका. टेबल फुटपाथवर आलंय."

साहेबांनी नोटीस वाचली, तारीख चुकली होती ती दुरुस्त केली आणि पोच म्हणून सही दिली.

निरीक्षक जाईनात. इकडेतिकडे बघून हळूच म्हणाले, "साहेब, उत्तरात काय लिहिलं की नोटीस रद्द होते, ते तुमच्याइतकं कुणाला ठाऊक असणार?"

साहेबांनी समोरच्या रांगेकडे पाहिलं.

"ठाऊक कुठलं?" ते म्हणाले. "एकतीस वर्षांत मी एकाचंही उत्तर चालू दिलं नाही."