व्यंकटरावांची पूरपातळी

आमच्या नांदेडच्या ऑफिसात सगळ्यांचं साल एक आणि व्यंकटरावांचं दुसरं. त्यांच्या संगणकातला सेल केव्हाच मेलेला, त्यामुळे सकाळी मशीन चालू केलं की तारीख पंचवीस वर्षं मागे. नवा सेल ते बसवू देत नसत. पुलाचं डिझाइन छापून निघालं की वरची तारीख खोडून पेनाने आजची लिहायचे.

त्यांचं पुलाचं डिझाइन काढायचं सॉफ्टवेअर त्याहून जुनं. काळा पडदा, पांढरी अक्षरं, माउस चालत नाही. व्यंकटराव त्याला ‘म्हातारं’ म्हणत. "म्हातारं उठून राहिलंय, चहा पिऊन येऊ," म्हणून खाली जात. मी लातूरचा, नवं सॉफ्टवेअर शिकून आलेला, म्हणजे अर्थातच दीडशहाणा. "व्यंकटराव, सोडा आता हे," म्हटलं की म्हणायचे, "तुझं नवं माणसालाच लई शिकवतंय. हे गुमान ऐकतंय." देगलूरकडचा हा माणूस स्वतः मात्र कुणाचं ऐकायचा नाही. डबाही एकटाच खायचा.

तीन वर्षांपूर्वी साहेबांनी म्हातारं बंद करायचं ठरवलं. मुदखेडजवळच्या एका ओढ्यावरचा नवा पूल व्यंकटरावांनी म्हाताऱ्यावर आणि मी नव्यावर काढून बघावा, असं सांगितलं. व्यंकटरावांचा पूल अर्धा मीटर उंच आला. मी खूश. म्हाताऱ्याची चूक सापडली होती. मग आकडे तपासले, तर गणित चोख. व्यंकटरावांनी पूरपातळीच सर्व्हेपेक्षा अर्धा मीटर जास्त टाकली होती. जुन्या फायली काढल्या. प्रत्येक पुलाला तोच अर्धा मीटर.

मी तोऱ्यात जाब विचारायला गेलो. ते जेवत होते. त्यांनी डब्याचं झाकण लावलं.

"आमच्या गावचा पूल मीच काढलता. सर्व्हेनं दिली तीच पातळी टाकलती, एक बोट इकडंतिकडं न्हाई. बायको दवाखान्यातून त्याच पुलावरून घरी येऊन राहिली होती. पाणी पुलावर चढलं." डबा बाजूला सारून म्हणाले, "हिसाब बरोबर होता बाबा. मला कुणी बोललं बी न्हाई."

मला माझीच लाज वाटली.

"तुझ्या नव्यात पातळी कुठं टाकायची, तेवढं दाखव."

नव्यात ती सरकारी नकाशावरून थेट येते, तिथे माणसाला हात घालता येत नाही. मी एकेक पान उघडून दाखवलं. ते म्हणाले, "अजून एकदा बघ."

साहेबांशी मी त्या अर्ध्या मीटरसाठी भांडलो. खर्च वाढतो, म्हणाले. पूल खालच्याच पातळीला झाला.

व्यंकटराव आता निवृत्त आहेत. पाऊस लागला की फोन येतो, "मुदखेडच्या पुलाला पाणी कुठवर आलंय रे?" मी गावात फोन करून विचारतो. मग त्यांना सांगताना अर्धा मीटर कमी करून सांगतो.