तान्ह्यांना ‘अहो’ म्हणणारे शिर्केकाका

माझ्या मुलीच्या बारशाला शिर्केकाका पाळण्याजवळ आले, डोक्यावरची टोपी सारखी केली आणि आत वाकून म्हणाले, “नमस्कार. मी शिर्के. समोर राहतो. आपला प्रवास कसा झाला?”

पाळणा म्हणणाऱ्या बायका मधल्याच ओळीवर थांबल्या. मुक्तानं जांभई दिली. काकांनी उत्तराची बरीच वाट पाहिली, मग “हरकत नाही, दमला असाल, पुन्हा येईन,” असं तिला सांगून घुगऱ्यांची वाटी घेतली आणि निघून गेले. मी नवऱ्याकडे पाहिलं. अविनाश बडोद्यातच वाढलेला, शिर्केकाकांना लहानपणापासून ओळखणारा. तो म्हणाला, “ते सगळ्याच बाळांशी असं बोलतात. बाळं मोठी झाली की अरेतुरे करतात.”

काका एसटी डेपोत अनाउन्सर होते. डभोईची बस कुठल्या फलाटावर लागली आहे आणि सावली गावची आज का उशिरा सुटणार आहे, हे स्वच्छ गुजरातीत लोकांना सांगण्यात त्यांची सगळी नोकरी झाली. निवृत्त झाल्यावर माइक सुटला, सवय सुटली नाही. कुठलीही गोष्ट ते दोनदा सांगत. “एकदा सांगून बस कोणाला मिळत नाही,” हे त्यावरचं त्यांचं स्पष्टीकरण.

त्यांचं वैर एकाच गोष्टीशी होतं: बोबडं बोलणाऱ्या मोठ्या माणसांशी. कोणी “ओ ले ले, बाळाला मम्म पायजे?” असं सुरू केलं की काका तिथल्या तिथे हजेरी घेत. “बाळाला दात नाहीत म्हणून ते बोबडं बोलतं. तुमचे पण पडले काय?” माझ्या मावशीचे खरोखरच पडले होते. ती तेव्हापासून बडोद्याला येते ती आधी शिर्के गावात आहेत का ते विचारून.

“मूल म्हणजे परगावचा पाहुणा,” काका म्हणत. “आत्ताच स्टँडवर उतरलाय. पाटी वाचता येत नाही. त्याला तुम्ही रस्ता नीट सांगणार, का ले ले ले करणार?”

यात खरी गंमत अशी, की मोठ्यांशी बोलताना या गृहस्थांची मराठी अगदी आमच्या बडोद्याची होती. “मेधाबेन, शाकात आज मीठ जरा वधारे झालं ने? पण वांधा नाही, चालेल.” तेच काका वळून पाळण्याकडे पाहत आणि म्हणत, “आपण आज फार प्रसन्न दिसता आहात.” मी एकदा त्यांना याबद्दल टोकलं, तर म्हणाले, “मोठे बिघडलेलेच असतात. त्यांच्यावर चांगली भाषा कशाला वाया घालवायची?”

इथपर्यंत सगळं हसण्यावारी नेता येत होतं. मग मुक्ता दोन वर्षांची झाली, अडीचकडे झुकली, आणि बोलेना.

तिला कळायचं सगळं. चप्पल आण म्हटलं की आणायची, दार लाव म्हटलं की लावायची. पण काही हवं असलं की हाताला धरून ओढायची नाहीतर नुसता हुंकार द्यायची. कानाच्या डॉक्टरांनी कान उत्तम आहेत म्हणून सांगितलं. माझ्या आईनं नाशिकहून वेखंड पाठवलं. ते उगाळून जिभेला लावलं, तर मुक्तानं ते माझ्या साडीवर थुंकून आपलं मत मात्र स्पष्ट कळवलं.

शेवटी तिला प्लेग्रुपमध्ये घालायला गेले, तर तिथल्या बाईंनी निकालच दिला. घरात मराठी, दिवसभर शेजारी गुजराती, टीव्हीवर हिंदी, मूल गोंधळणारच. एक भाषा ठेवा. राहायचं इथे आहे, तेव्हा मराठी सोडा.

मी सयाजीगंजात नोकरीला जात असे, तेव्हा मुक्ता शेजारच्या कोकिलाबेनकडे असायची, त्यामुळे गुजराती सोडणं शक्यच नव्हतं. अविनाश म्हणाला, “करून बघू. नाहीतरी बाहेर आपण कुठे मराठी बोलतो?” मी हो म्हटलं. त्या रात्री तिला थोपटताना “चाल बेटा, सूई जा” असं म्हणून पाहिलं. तिनं डोळे उघडून माझ्याकडे असं पाहिलं, जणू तिच्या आईच्या जागी कोणीतरी दुसरीच येऊन बसली आहे. मी उठून स्वयंपाकघरात गेले आणि नळ सोडून रडले.

काकांना हे कळलं, तसे ते तरातरा आमच्या व्हरांड्यात आले. “मेधाबेन, तुमची मुलगी आत्ता दोन भाषांत गप्प आहे. एक काढून घेतली तर एका भाषेत गप्प बसेल. फायदा काय?” अविनाशशी बरीच हुज्जत झाली. शेवटी काकांना एक महिना मिळाला. त्यानंतरही काही झालं नाही, तर बाईंचं ऐकायचं आणि घरातली मराठी बंद करायची, असं ठरलं.

मग रोज संध्याकाळी व्हरांड्यातल्या हिचक्यावर, म्हणजे झोपाळ्यावर, मुक्ताला शेजारी बसवून काकांच्या घोषणा सुरू झाल्या. “हा कावळा. कावळा. आपल्या कठड्यावर बसला आहे. आपल्याला तो आवडला का?” एवढं विचारून ते पाय टेकवून हिचका थांबवत आणि वाट पाहत. ही वाट पाहणं मला अजिबात सहन होत नसे. कावळा उडून जाई, दूधवाला येऊन जाई, काका तिच्या तोंडाकडे पाहत बसलेले. एकदा मीच आतून ओरडले, “आवडला हो, आवडला!”

“तुम्हाला विचारलं नाही,” काका म्हणाले.

महिना सरत आला. मे महिन्यातला रविवार होता, ऊन नुसतं भाजत होतं. काका दुपारीच येऊन बसले होते. हिचक्यावरची मुक्ता एकाएकी रस्त्याकडे हात करून म्हणाली, “भू!”

माझ्या हातातलं ताट पडलं. अविनाश धावत बाहेर आला. “भू!” मुक्ता पुन्हा म्हणाली. फाटकाबाहेर सावलीला एक पिवळं कुत्रं पसरलं होतं. मी आनंदानं वेडी होऊन तिला उचललं आणि कुत्र्याजवळ नेलं. “हो गं राणी, भूभू! बघ भूभू!” तिनं मान झटकली, हात झाडले. “भू! भू!” तिला दुसरं हवं असेल म्हणून अविनाशनं गल्लीतलं काळं कुत्रं हाकारून आणलं. मी चित्रांच्या पुस्तकातलं कुत्रं काढलं. कोपऱ्यावरच्या बंगल्यातलं पांढरं केसाळ कुत्रंसुद्धा मालकासकट येऊन गेलं. मुक्ता लालबुंद होऊन रडायला लागली आणि आम्ही सगळे भुंकायला लागलो.

तो गोंधळ ऐकून कोकिलाबेन कंपाउंडच्या भिंतीपाशी आल्या. “अरे, शुं करो छो? छोकरीने पाणी आपो ने! भू एटले पाणी!”

गुजराती बाळांचं पाणी म्हणजे भू. आमच्या बाळांचं भू म्हणजे कुत्रं. पेला तोंडाला लावला तशी मुक्ता घटाघटा प्यायली. ती कोकिलाबेनकडे केव्हापासून भू मागत होती. मग आम्हाला सांगितलं का नाही, असं विचारलं तर त्या म्हणाल्या, “ए कंई बोल्युं कहेवाय? ए तो भू!” त्यांच्या मते भू म्हणणं म्हणजे बोलणं नव्हतंच.

अविनाश हसता हसता खाली बसला. मला मात्र काकांची काळजी वाटली. लेकीचा पहिला शब्द बाहेर पडला तो बोबडा, आणि वर गुजरातीतला. आता काका काय बोलतात म्हणून मी पाहिलं, तर ते रिकाम्या पेल्याकडे बघत बसले होते. चेहरा पार उतरला होता.

“ती मागत होती बिचारी,” ते म्हणाले, “आणि आपण कुत्री दाखवत होतो.” मग पेला बाजूला ठेवून, “मालतीचं असंच झालं.”

मालतीकाकू, म्हणजे त्यांच्या पत्नी, आमच्या लग्नाआधीच गेल्या. मी फक्त त्यांचा फोटो पाहिला होता.

“लकवा झाला आणि तिचे सगळे शब्द गेले. एकच राहिला. चावी. समजत सगळं होतं हां तिला. लोक यायचे, ‘काकूंनी मम्म खाल्लं का’ असं विचारायचे. ती भिंतीकडे तोंड फिरवायची. मी तिला कपाटाची चावी दिली. पेटीची दिली, स्कूटरची दिली, शेजाऱ्यांच्या पण मागून आणल्या. ती मान हलवायची, नाही, ही नाही. मग शेवटी शेवटी काय करायला लागली ठाऊक आहे? कुठलीपण चावी हातात दिली की हो म्हणायची. मला वाईट वाटू नये म्हणून.” त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. “तिला काय पाहिजे होतं, मला अजून कळलं नाही, मेधाबेन.”

माझे डोळे भरून आले. अविनाश हसायचा केव्हाच थांबला होता. तो म्हणाला, “काका, उद्या नेहमीसारखे या.” मराठी बंद करायचा विषय त्यानंतर घरात निघाला नाही.

दुसऱ्या दिवशी काका आधी कोकिलाबेनकडे जाऊन बसले. गुजराती बाळं कशाला काय म्हणतात याची त्यांनी कसून चौकशी केली. मग आमच्याकडे आले, पेला भरून घेतला, हिचक्यावर बसले. आजूबाजूला कोणी ऐकत नाही ना ते पाहिलं. मी पडद्यामागे होते.

“मुक्ताताई,” घसा खाकरून ते म्हणाले आणि आवाज अगदी खाली आणला, “आपल्याला… भू हवं आहे का?”

आणि पाय टेकवून वाट पाहत राहिले. मुक्तानं पेल्याकडे पाहिलं, त्यांच्याकडे पाहिलं.

“पाणी,” ती म्हणाली.

“गुजरातीमां बोली!” भिंतीपलीकडून कोकिलाबेन ओरडल्या. “मराठीत, मराठीत!” अविनाश आतून ओरडला. दोन्हीकडे शब्द तोच, त्यामुळे हा वाद आमच्याकडे अजून मिटलेला नाही. काका मात्र कोणाच्याच बाजूनं बोलले नाहीत. हातातलं पाणी ते स्वतःच पिऊन बसले.

मुक्तानं रिकामा पेला पाहिला. तिनं त्यांची बाही ओढली आणि चांगलीच चिडून म्हणाली, “पाणी!”

“समजलं,” म्हणत शिर्केकाका उठले. त्यांच्या गालांवरून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचं त्यांना सुचत नव्हतं. “समजलं हो, मला समजलं,” असं म्हणत ते पेला घेऊन माझ्या स्वयंपाकघरात शिरले.