परगावचे तात्या

औरंगाबादेत मला एकच गृहस्थ तीनदा भेटले आणि तिन्ही वेळा ते वेगवेगळ्या गावचे होते. आधी सोलापूरचे, मग अकोल्याचे, शेवटी धुळ्याचे. बदली झाली की माणसाचं गाव बदलतं, हे मला मान्य आहे. पण दर भेटीत मूळ गावच बदलणारा माणूस मी तोवर पाहिला नव्हता. शहराचंही नाव पुढे बदललं, ते आता छत्रपती संभाजीनगर झालं. पण तात्यांचा वेग त्यालाही जमला नसता.

मी वजनकाटे तपासतो. कारखान्यांच्या फाटकापाशी असतात ते मोठे, ज्यांच्यावर अख्खा ट्रक उभा राहतो. राहतो नागपुरात, पण शेंद्र्याच्या आणि वाळूजच्या कारखान्यांत अधूनमधून माझी फेरी असते. काम शनिवारी आटोपतं आणि परतीची गाडी रविवारी संध्याकाळी. मधला वेळ मी लॉजच्या खोलीत पंख्याकडे बघत काढत असे. लॉजच्या मॅनेजरला ते बघवेना. तो म्हणाला, "साहेब, ती रुबीना रविवारी सकाळी लोकांना जुन्या शहरात खायला फिरवते. जा की."

मला कुणी फिरवावं असं माझं वय नाही, पण पंखाही किती बघणार? गेलो.

रुबीना पर्यटनाचा कोर्स केलेली पंचविशीतली मुलगी. डोक्याला घट्ट ओढणी, पायात धावायचे बूट आणि रिक्षाच्या हॉर्नवर मात करणारा आवाज. पैठणगेटपाशी आम्ही जमलो: मुंबईच्या दोन मैत्रिणी, सोलापूरचं एक मास्तर जोडपं, मी आणि तात्या. पांढरी पँट, पांढरा शर्ट, पांढरी टोपी, काळा गॉगल आणि गळ्यात कॅमेऱ्याची चामडी पिशवी. प्रवासी कसा दिसतो याचा त्यांनी कुठेतरी नीट अभ्यास केलेला असावा.

रुबीनाने सगळ्यांना नाव-गाव सांगायला लावलं.

"कडुबा," ते म्हणाले. "गाव सोलापूर. पहिल्यांदाच येतोय इकडं."

सोलापूरचे मास्तर खुलले. "अरे वा! सोलापुरात कुठं?"

"जरा बाहेरच्या अंगाला."

"म्हणजे होटगी रोडकडे?"

"त्याच्याबी बाहेर."

"मग कुठं?"

तात्यांनी क्षणभर विचार केला. "आता असं समजा, तिथनं सोलापूर दिसत नाय."

कडुबा हे नाव औरंगाबाद-जालन्याकडे गावोगाव सापडतं, तिथल्या देवाचं असतं, हे मला नंतर कळलं. त्या वेळी मला एवढंच दिसलं, की रुबीना हसू दाबून बुटाची नाडी बांधतेय. नाडी सुटलेली नव्हती.

आम्ही औरंगपुऱ्याच्या गल्लीत शिरलो. तात्या मागून ओरडले, "पुढं नालीवरची फरशी हालती, पाय जपून!"

"तुम्हाला कसं माहीत?" मुंबईच्या मुलीने विचारलं.

"वास आला."

"फरशी हलते ते वासावरून कळतं?"

"आपल्याला काय माहीत, आपण परगावचे," तात्या म्हणाले. हे त्यांचं वाक्य. अडचण आली की ते तिच्यापुढे धरायचे, पावसात छत्री धरावी तसं.

अडचणी पुष्कळ येत होत्या. गल्लीतलं एक तांबडं कुत्रं त्यांच्या पायाशी येऊन लोळायला लागलं. पोहेवाल्याने सगळ्यांना विचारलं, शेव किती, कांदा घालू का. तात्यांना न विचारता बिनकांद्याची प्लेट दिली, वर लिंबाच्या दोन फोडी. पुढे एका कापडवाल्याने दुकानातून हात केला, "क्या तात्या, आज किधर के?" तात्यांनी मागे वळून पाहिलं; जणू दुसराच कोणी तात्या त्यांच्या पाठीमागून येत होता.

खाण्याच्या बाबतीत मात्र ते पाहुण्यासारखे अजिबात वागत नव्हते. स्वतः दोन घास खायचे आणि बाकीचा वेळ आमच्या प्लेटांवर नजर ठेवायचे. "खावा, खावा. लाजू नका. तुमी कुठं रोज येताय." मुंबईच्या मुलीने अर्धी इमरती परत ठेवली, तेव्हा त्यांचा चेहरा असा पडला की तिने निमूटपणे ती उचलून संपवली. नान-खलियाच्या दुकानात मास्तरांना जरा जड झालं. तात्यांनी तत्परतेने कॅमेऱ्याची पिशवी उघडली. आत कॅमेरा नव्हता. स्टीलची डबी होती आणि तिच्यात हिंगाष्टक चूर्ण.

"कॅमेरा कुठाय तुमचा?" मी विचारलं.

"कॅमेऱ्यानं ढेकर येतो व्हय?"

नान-खलिया ही त्या शहरातली जुनी चीज. परातीएवढी मऊ पिवळसर नान आणि सोबत पातळ, लाल, झणझणीत मटणाचा रस्सा. मी नागपूरचा, तिखटाने मला सहसा काही होत नाही. तरी नाक वाहायला लागलं. तात्यांना त्याचं इतकं समाधान वाटलं, की जणू रस्सा त्यांनीच शिजवला असावा.

पुढच्या फेरीत मी पुन्हा रुबीनाकडे नाव दिलं. खाण्यासाठी म्हणायला हरकत नाही, पण खरं सांगायचं तर कुतूहल होतं. तात्या हजर होते. तीच टोपी, तोच गॉगल.

"कडुबा," ते म्हणाले. "गाव अकोला. पहिल्यांदाच येतोय इकडं."

मी त्यांच्याकडे बघितलं. त्यांनी माझ्याकडे अगदी शांतपणे बघितलं.

"आपण भेटलोय," मी म्हणालो.

"असंल. गाडीत लई लोक भेटतात."

"अकोल्यात कुठे राहता? माझं येणंजाणं असतं तिथे."

अकोल्याबद्दल त्यांना एकच गोष्ट माहीत होती आणि ती त्यांनी प्रामाणिकपणे सांगून टाकली. "उन्हाळ्यात लई ताप असतोय बगा." ते खरंच होतं. मी विषय सोडला. माझ्या धंद्यात काटा चुकत असेल तर तसा शेरा मारावा लागतो. पण तात्यांवर शेरा मारायचं मला कुणी सांगितलेलं नव्हतं.

तिसरी भेट झाली ती दुष्काळाच्या दुसऱ्या उन्हाळ्यात. पहिल्या वर्षी पाऊस रुसला, दुसऱ्या वर्षी फिरकलाच नाही. जायकवाडीचा तळ दिसायला लागला होता. शहरात नळाला पाणी कधी येईल ते नळालाही ठाऊक नसायचं. आणि गंमत म्हणजे याच दिवसांत शहर वाढत होतं. जालना रोडला मागल्या फेरीत जिथे ज्वारीची धसकटं होती, तिथे बारा-बारा मजल्यांचे सांगाडे उभे होते आणि प्रत्येकाच्या पायाशी एक टँकर.

पर्यटक आटले होते. रुबीनाचा नियम असा, की चौघे जमले तरच ती निघायची. त्याहून कमी माणसांत तिला परवडत नसे. मी शनिवारी फोन केला तेव्हा ती म्हणाली, "होईल सर. धुळ्याचे तिघे आहेत, तुम्ही चौथे."

सकाळी पैठणगेटपाशी धुळ्याचे तिघे म्हणून एकटे तात्या उभे होते.

"बाकीचे?" रुबीनाने विचारलं.

"मेव्हण्याला जुलाब लागले."

"आणि काकू?"

"ती त्याच्यापाशी थांबली. भाऊ हाय तिचा."

रुबीना या वेळी हसली नाही. "तात्या, बस करो ना अब," ती म्हणाली. "कितने दिन करोगे?"

"आपल्याला काय माहीत," तात्यांनी सुरुवात केली, पण वाक्य पुरं केलं नाही. गॉगल काढून पुसला, परत घातला आणि ते पुढे चालायला लागले.

मागून चालताना रुबीनाने मला सांगितलं. तात्या इथलेच, करमाडकडचे. ते तिला दुसऱ्याच रविवारी कळलं होतं, पोहेवाल्याने सांगितलं. तिने ओळख दाखवली नाही. "बुजुर्ग माणूस आहे, काहीतरी असेल म्हटलं." पण हा उन्हाळा लागल्यापासून जेव्हा जेव्हा माणसं कमी पडली, तेव्हा कुठल्या तरी गावचं एक कुटुंब फोनवरून नाव नोंदवायचं, पैसे आगाऊ भरायचं आणि येताना एकटे तात्या यायचे. कधी नांदेडचा भाऊ आजारी, कधी परभणीच्या बहिणीची गाडी चुकलेली. "मी हे बंद करून हॉस्पिटलच्या रिसेप्शनला लागणार होते, सर. तात्या बंदच करू देत नाहीत. मी म्हटलं पैसे परत घ्या, तर म्हणतात, कुणाचे? नांदेडवाल्याचे? तो गेला गावाला."

त्या दिवशीची फेरी विचित्र झाली. पोहेवाल्याने प्लेटा बंद करून कागदाचे द्रोण ठेवले होते, धुवायला पाणी नव्हतं. पिण्याचं पाणी मागितल्यावरच आणि अर्धा ग्लास. माणसं दोन आणि रांधलेलं चौघांचं. रुबीनाने प्रत्येक दुकानात चौघांची ऑर्डर दिली. ती हट्टाला पेटली होती. "धुळ्याचे तिघे आहेत ना? मग खा तिघांचं." तात्यांनी माझ्याकडे पाहिलं. मेव्हण्याचा वाटा मी उचलला. चूर्णाची डबी दोनदा फिरली. नान-खलियापर्यंत पोचलो तेव्हा माझा पट्टा दोन भोकं पुढे गेला होता.

फेरी संपल्यावर तात्या म्हणाले, "गाडी संध्याकाळची हाय ना तुमची? चला घरी."

रिक्षा जालना रोडला लागली. बाहेर बघत तात्या मी न विचारताच बोलायला लागले.

"जमीन होती तिकडं, शेंद्र्याच्या अंगाला. ती कारखान्यात गेली. पैसा मिळाला, खोटं कामून बोलू? ब्लॉक घेतला. भावकीनंबी घेतले, पण एकानं इकडं, एकानं तिकडं. बायको बंगळूरला पोराकडं, नातू सांभाळती. मी बी गेलो व्हतो. म्हयनाभर ऱ्हायलो. जेवताना सगळे आपापल्या मोबाइलात. आलो परत."

"आणि हे सोलापूर कुठून काढलंत?"

ते हसले, ओशाळल्यासारखे. "काढलं नाय हो. तुमी भेटायच्या आधीची गोष्ट, एक दिवस पैठणगेटला उभा व्हतो असाच. ही पोरगी चार लोकं घेऊन निघाली व्हती. मला वाटलं बगावं काय चाललंय, म्हणून जवळ गेलो. तिला वाटलं मी त्यांच्यातलाच. 'काका, कुठून आलात?' म्हणली. आता करमाडवरनं आलो म्हणलं असतं तर 'बरं' म्हणून गेली असती. तोंडातनं सोलापूर निघालं. मग तिनं स्टूल वढलं, बसा म्हणली. काय खाता, तिखट चालतं का, दमला का..." ते थांबले. "ब्लॉकात मला दोन वर्सं झाली. पाणी आलं का एवढंच इचारतात. जेवला का, कुणी इचारत नाय. गावच्या माणसाला कशाला इचारतील? पावण्याला इचारतात."

रिक्षावाला आरशातून बघत होता, त्याने नजर रस्त्यावर वळवली.

इमारत नवी होती. तळमजल्यावर निळे ड्रम ओळीने मांडलेले, प्रत्येकावर फ्लॅटचा नंबर. लिफ्टमध्ये एक गृहस्थ आधीच उभे होते, मोबाइलमध्ये डोकं घातलेले. दरवाजा बंद होताना त्यांनी वर बघितलं.

"पाहुणे वाटतं?" त्यांनी विचारलं.

तात्या एकदम ताठ झाले. गॉगल काढून खिशात ठेवला.

"व्हय," ते म्हणाले, आणि एवढ्याशा लिफ्टला जरूर नसलेल्या आवाजात म्हणाले, "आमचे पावणे हायेत. नागपूरचे. जेवायला आलेत."

"नागपूरचे? माझी बहीण असते तिथे, प्रतापनगरला," गृहस्थ म्हणाले. मग बहिणीचा, उन्हाचा आणि संत्र्यांचा विषय निघाला. त्यांचा मजला आला तरी त्यांनी दरवाजा पायाने अडवून वाक्य संपवलं आणि जाताना म्हणाले, "सवडीने या की, तात्या, तुम्हीपण." तात्यांनी मान हलवली.

घरात गेल्यावर त्यांनी मला हातपाय धुवायला एक तांब्या भरून पाणी दिलं. त्या उन्हाळ्यात त्या शहरात तांब्याभर पाणी म्हणजे काय, ते मला कळत होतं. मी थोडंसंच वापरलं, तर रागावले. स्वयंपाकघरात जाऊन त्यांनी पिठलं टाकलं. भाकरी त्यांना नीट थापता येत नव्हती; कडेला जाड, मध्ये फाटलेली. तव्यावर टाकताना एक दुमडली, तिला त्यांनी ओलं बोट लावून सरळ केलं. माझ्या घशापर्यंत नान-खलिया, इमरती आणि धुळ्याच्या मेव्हण्याचे पोहे होते. पाण्याचा घोटही आत जाईल असं वाटत नव्हतं.

त्यांनी दोन ताटं समोरासमोर मांडली, माझ्या ताटात मोठी भाकरी ठेवली आणि बसून राहिले.

मी पट्टा सैल केला आणि घास मोडला. मी तो तोंडात घातल्यावर तात्यांनी आपलं ताट पुढे ओढलं.