तेजघटीच्या हळदी फडक्याची हकीकत

श्रीसूर्यनारायण समर्थ. जो राजाची आज्ञा न घेता उगवतो आणि कोणाची मर्जी न पाहता मावळतो, त्यास आधी दंडवत घालून लिहितो. शके सोळाशे अठ्ठ्याण्णव, दुर्मुखनाम संवत्सर, ते वर्षी एका राज्यी ऐसे वर्तमान जाहले. राज्याचे नाव लिहीत नाही. लिहिले तर दहा राज्ये "आमचीच बदनामी केली" म्हणोन धावून येतील.

त्या राज्यी चाल ऐसी की, संध्याकाळचा नगारा वाजेतोवर दिवस. सूर्य बुडाला तरी दिवस. आणि नगारा कधी वाजावा, तर महाराज सोंगट्यांचा डाव जिंकून उठतील तेव्हा. त्याआधी कोणी दिवा लावील तर महाराजांचा दिवस अपुरा म्हटला ऐसे ठरून पन्नास फटके. दिवाणजी हरण्यात मोठे तरबेज होते, परंतु महाराजांचा खेळच ऐसा की त्यांजपुढे हरावयासही अक्कल लागे, आणि डाव लांबे. तोवर सरकारी मागांवर कोष्टी मंडळी दिव्यावाचून शेले विणीत बसत आणि डोळे घालवीत. मग एके सांजेस साळू कोष्टीण महाराजांचे शेल्यात काळ्या धाग्याचे जागी तांबडा विणून गेली, आणि दिवाणजींनी हुकूम केला की, दिवसाढवळ्या हयगय केली सबब उजवा अंगठा तोडावा. अंगठा गेला तर हातचा मागाचा धोटा गेला, आणि धोटा गेला तर चूल गेली. हुकूम लिहिणारास हे ठाऊक होते. त्याची चूल वेगळी.

साळूचा मानलेला भाऊ हिरोजी तांबट. त्याने तेजघटी म्हणोन एक यंत्र केले होते. थेंब थेंब पाण्याने एक रूळ फिरे, आणि रुळावरचे हळदीत रंगविलेले फडके एका फटीमागून पुढे सरके, घटकेस एक बोट. उजेड पडे तिथली हळद उडे, अंधार पडे तिथली पिवळीच राही. एका फडक्यात वेळही कळे आणि उजेडही. ते यंत्र घेऊन हिरोजी दरबारी गेला आणि मुजरा करून बोलिला, "महाराज, साळूअक्का विणत होती तेव्हा अंधार होता. हे फडकं साक्ष आहे."

दरबारचे जोशी नाक मुरडून बोलिले, "हळद लग्नात लावतात, पंचांगात नव्हे!"

"मग लावून बघा, जोशीबुवा. हळद अंगाला लागली की खोटं बोलत नाही," ऐसे साळू बोलिली. सरकारी मागांचा कारखानीस तिजवर ओरडला, "तोंड आवर!"

"अंगठा तुमचा नाही, म्हणून तोंड आवरा म्हणता. माझं उद्या काय उरणार? तोंडच ना?"

महाराजांस मौज वाटली. त्यांनी ठरविले की, उद्या यंत्र चौकात ठेवावे आणि नगारा वाजताच फडके पाहावे; पिवळे निघाले तर अंगठा माफ, नाही तर तांबटाचाही तोडावा.

मग दुसरे दिवशी चौकात यंत्र मांडिले, शेजारी पट मांडिला, आणि सारा दरबार भोवती बसला. सूर्य बुडाला. दोन घटका गेल्या. पट दिसेना, सोंगट्या दिसेनात, तरी डाव चालूच. महाराजांनी विचारिले, "काय जोशीबुवा, उजेड कसा आहे?"

"लख्ख, महाराज! डोळे दिपतात," ऐसे बोलून जोशीबुवा उठले ते थेट कारखानिसाचे मांडीवर बसले.

इतक्यात दिवाणजींनी चाचपडत सोंगटी सरकविली, हरावयासच सरकविली, परंतु हात चुकला आणि महाराजांची सोंगटी मेली. महाराज गरजले, "कोणी मारली? कोणती मारली? दिवा आणा!"

मग साळू हसली, आणि बोलिली, "अहो महाराज, दिवसाढवळ्या दिवा कशाला?"

नगारची शहाणा. पन्नास फटके महाराजांस मारावे लागतील ऐसे त्याने जाणिले आणि टिपरू उचलून दणदण नगारा वाजविला. दिवा आला. फडके उलगडिले, तो शेवटली दोन बोटे पिवळीधमक. महाराजांनी फडक्याकडे पाहिले, पटाकडे पाहिले, आणि अंगठा माफ केला. डाव मात्र माफ केला नाही. दिवाणजी तीन दिवस घरी बसले. तेव्हापासून अंधारू लागले की साळू धोटा खाली ठेवून मोठ्याने म्हणे, "महाराजांनी दिवा मागितला असेल गं, उठा!" आणि सारा कारखाना उठे. अडवावयास जाणाऱ्यास ती रात्र आठवे आणि तो गप्प राही.

परंतु यंत्रास माफी नाही. आज्ञेवाचून पाहिले हा गुन्हा लावून तेजघटी राजवाड्याचे तळघरात कोंडिली. हिरोजीने जाता जाता तिच्यात पाणी मात्र भरून ठेविले.

एकूण हकीकत इतुकीच: साळूचा अंगठा राहिला, गेलेले डोळे परत आले नाहीत, आणि राजवाड्याखाली ते फडके पिवळेच सरकत राहिले. वर कोणी काहीही म्हणो, वाड्यात कोणती वेळ आहे ते त्याने खरेच सांगितले. लेखनसीमा.